भावाच्या पीएफ-ग्रॅच्युइटीचे पैसे अडकले : नॉमिनी आई, दावेदार तिघी

मानेवाडेकर
१२ जानेवारी २०२६, रात्री ९.४०

नमस्कार. इथे नुसती वाचत असते, धागा पहिल्यांदाच काढतेय. लांबेल, सांभाळून घ्या.

माझा मोठा भाऊ ऑक्टोबर २०२४ मध्ये अटॅकने गेला. हिंगणा एमआयडीसीतल्या एका कारखान्यात १९९८ पासून पर्मनंट होता, गेला तो नोकरीत असतानाच. कामाला लागला तेव्हा लग्न झालेलं नव्हतं, वडील आधीच गेलेले, म्हणून पीएफ आणि ग्रॅच्युइटी दोन्ही फॉर्मवर आईचं नाव टाकलं. पुढे ते कधी बदललं नाही.

२००३ मध्ये लग्न झालं, २००५ चा मुलगा आहे. पटलं नाही. २००८ पासून वहिनी वर्ध्याला माहेरी. २००९ मध्ये दोन्हीकडची चार मोठी माणसं बसली आणि शंभराच्या स्टॅम्पपेपरवर फारकत लिहून घेतली. नोटरी आहे, दोघांच्या सह्या आहेत. कोर्टात कोणी गेलं नाही. २०१० मध्ये त्याने रामटेकला देवळात दुसरं लग्न केलं. तिच्यापासून एक मुलगी, २०१२ ची. भाऊ जाईपर्यंत आई त्यांच्याचजवळ राहिली, अजूनही तिथेच आहे. आईचं दुखलं-खुपलं धाकट्या वहिनीनेच काढलं, हे मला सांगायलाच हवं.

आता वर्ध्याहून वकिलाची नोटीस आली कंपनीला. कंपनी म्हणते, सक्सेशन सर्टिफिकेट (कोर्टाचा उत्तराधिकार दाखला) आणा, नाहीतर तिघींची एनओसी आणा, तोवर एक रुपयाही नाही. वर्ष उलटून गेलं. मला एवढंच विचारायचंय, फॉर्मवर आईचं नाव असताना ते पैसे आईचेच ना? कंपनी अडवू शकते का?

संत्राबर्फी
१२ जानेवारी, रात्री १०.०५

ताई, वाईट वाटलं वाचून. पण नॉमिनी म्हणजे मालक नाही न बाप्पा! नॉमिनी म्हणजे पंगतीतला वाढपी. बादली त्याच्या हातात, जेवण पंगतीचं. आमच्या मोहल्ल्यात याच्यावरून सख्खे भाऊ एकमेकांचं तोंड पाहून नाही राहिले.

निवृत्त_हिशोबनीस
१२ जानेवारी, रात्री १०.५०

बर्फीसाहेबांचं म्हणणं बऱ्याच अंशी बरोबर. विम्याच्या बाबतीत १९८४ मध्ये सरबती देवी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं, राष्ट्रीय बचत प्रमाणपत्रांबद्दल २००० मध्ये, आणि शेअर्सबद्दल डिसेंबर २०२३ मध्ये शक्ती येझदानी प्रकरणात. नॉमिनीने पैसे घ्यायचे, वारसांना द्यायचे. (विम्यात २०१५ च्या दुरुस्तीनंतर आई-वडील, जोडीदार, मुलं यांपैकी कोणी नॉमिनी असेल तर रक्कम त्याचीच, हा अपवाद लक्षात ठेवा.)

पण हे एकच वाक्य सगळ्या रकमांना लावून मोकळं होऊ नका. मी लेखा शाखेत आयुष्य काढलं. मेलेल्या माणसाचे पैसे म्हणून लोक एकच गाठोडं समजतात. प्रत्येक हेडला नियम वेगळा, आणि भांडणं त्यातच वाढतात. ताई, कोणकोणत्या रकमा आहेत आणि साधारण किती, तेवढं लिहा.

मानेवाडेकर
१३ जानेवारी, सकाळी ८.१५

कंपनीतल्या एका भल्या माणसाने तोंडी सांगितलं ते असं. पीएफ साधारण नऊ लाख. बेसिक आणि डीए मिळून २६,००० होतं, त्यावर ग्रॅच्युइटी. पीएफच्या विम्याचे म्हणून काही असतात म्हणे. रजेचे आणि शेवटच्या पगाराचे मिळून लाखभर. आणि पेन्शन. मृत्युपत्र नाही.

एकटी_दुकटी
१३ जानेवारी, सकाळी ९.०२

मी दुसऱ्या बाजूने लिहिते, कारण मी तुमच्या मोठ्या वहिनीच्या जागी आहे. शंभराचा स्टॅम्प माझ्याही कपाटात आहे. त्यावर सही करताना मला कोणी सांगितलं नाही की याने घटस्फोट होत नाही, आणि कोणी विचारलंही नाही की पोराच्या शाळेची फी कोण देणार. चार मोठी माणसं बसली, चहा झाला, सह्या झाल्या. तुमच्या पोस्टमध्ये मुलगा एका ओळीत आला आणि गेला. तो आता वीस-एकवीसचा असेल. शिकतो का, करतो काय, तुम्हाला माहीत आहे का?

रागाने नाही लिहीत आहे. पण "पटलं नाही" या दोन शब्दांत सोळा वर्षं मावत नाहीत.

संत्राबर्फी
१३ जानेवारी, सकाळी ९.२०

बरोबर बोलल्या ताई.

मानेवाडेकर
१३ जानेवारी, सकाळी ९.४५

नाही माहीत. खरंच नाही माहीत. दहावीपर्यंतचं कानावर होतं.

काळाडगला
१३ जानेवारी, रात्री ११.३०

नागपूर जिल्हा न्यायालयात दिवाणी कामं करतो. हा सल्ला नव्हे, कागद पाहिल्याशिवाय सल्ला देता येत नाही. पण या प्रकरणात इतक्या गोष्टी एकावर एक आल्यात की सविस्तर लिहितो.

आधी फारकत. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २९(२) ने रूढीतला घटस्फोट जिवंत ठेवलाय, हे खरं. पण तशी रूढी आपल्या जातीत पूर्वापार, सातत्याने चालत आली आहे हे जो म्हणतो त्याने नेमकं मांडायचं आणि साक्षी-पुराव्याने सिद्ध करायचं. यमनाजी जाधव विरुद्ध निर्मला, २००२, सर्वोच्च न्यायालय. नोटरीचा शिक्का म्हणजे फक्त सही कोणी केली याची नोंद. कोर्टात हे सिद्ध होताना मी फार क्वचित पाहिलंय. तेव्हा मोठी वहिनी ही कायदेशीर पत्नी, आता विधवा, असं धरूनच पुढे चला. सोळा वर्षं वेगळी राहिली म्हणून वारसा जात नाही. हिंदू वारसा कायद्यात वेगळं राहण्याला अशी शिक्षाच नाही.

मग रामटेकचं लग्न? पहिलं लग्न शाबूत असताना केलेलं, म्हणजे शून्य. धाकट्या वहिनीला विधवा म्हणून हक्क नाही. पण मुलीला आहे. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १६ प्रमाणे ती आईवडिलांपुरती औरसच. सप्टेंबर २०२३ मध्ये रेवणसिद्दप्पा प्रकरणात तीन न्यायमूर्तींनी ते आणखी पक्कं केलं.

म्हणजे भावाचे पहिल्या वर्गातले वारस चार : आई, विधवा, मुलगा, मुलगी. आईला सुनेइतकाच वाटा, हे अनेकांना माहीतच नसतं. (वडील हयात असते तरी पहिल्या वर्गात आले नसते.)

आता पैसे. आणि इथेच गंमत आहे.

पीएफ. भविष्य निधी योजना १९५२, परिच्छेद ६१ : लग्नाआधी केलेलं नामनिर्देशन लग्न होताच बाद. तेव्हा ताई, आईच्या नावाचा तो फॉर्म २००३ मध्येच मेला. वैध नामनिर्देशन नसेल तर परिच्छेद ७० प्रमाणे रक्कम कुटुंबातल्या माणसांना सारखी. कुटुंबात पत्नी, मुलं, आणि अवलंबून असलेले आईवडील. पण त्यात एक परंतुक आहे : दुसरं कोणी असेल तर सज्ञान मुलाला वाटा नाही. भाऊ गेला तेव्हा मुलगा १९ चा. म्हणजे योजनेप्रमाणे आई, मोठी वहिनी आणि लहान मुलगी, तीन वाटे.

विमा, म्हणजे ईडीएलआय. तो पीएफच्याच मागे जातो, त्याच माणसांना. कमाल ७ लाख. पगाराची १५,००० ची मर्यादा धरून ३५ पट म्हणजे ५,२५,००० आणि खात्यातल्या सरासरी शिलकीच्या निम्मे, जास्तीत जास्त १,७५,०००. नऊ लाख शिल्लक असलेल्या खात्याला पूर्ण सात लाख बसायला हवेत. लोक हा क्लेम विसरतात. फॉर्म ५-आयएफ.

पेन्शन, ईपीएस १९९५. यात आईला काही नाही. विधवेला पेन्शन, आणि मुलांना विधवा पेन्शनच्या २५ टक्के प्रत्येकी, एकावेळी दोघांना, वयाच्या २५ पर्यंत. पीएफमधून जो मुलगा बाहेर पडला तो इथे आत आला, पाहा. धाकट्या मुलीचाही अर्ज याच वाटेने. आईला ही पेन्शन मिळते ती पत्नी-मुलं कोणीच नसतील आणि नॉमिनीही नसेल तर.

ग्रॅच्युइटी. २६,००० ला १५/२६ ने गुणलं की १५,०००, गुणिले २६ वर्षं, ३,९०,०००. कायदा १९७२ चा, कारण मृत्यू २०२४ मधला. (गेल्या नोव्हेंबरात सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली, पण तुमचा हक्क त्याआधीच उभा राहिलाय.) या कायद्यात लग्नाने नामनिर्देशन आपोआप पडतं असं पीएफसारखं वाक्य नाही. कलम ६ म्हणतं, नामनिर्देशन करताना कुटुंबच नसेल आणि नंतर झालं, तर ते बाद. पण अवलंबून असलेली आई ही कुटुंबातच मोडते. १९९८ मध्ये ती त्याच्यावर अवलंबून होती हे दाखवता आलं तर ग्रॅच्युइटीचा फॉर्म टिकतो. म्हणजे पैसे आईच्या हातात येऊ शकतात. पण बर्फीभाऊ म्हणाले तसं, हातात. वारस चौघे.

रजेचे आणि पगाराचे पैसे साधे येणं. चौघांना चौथा हिस्सा. याला मात्र सक्सेशन लागेल.

एकाच माणसाचे पैसे, एकाच कारखान्यातले, आणि वाटण्या तीन तऱ्हेच्या. म्हणून सगळं एका अर्जात कोंबून "आम्हाला सक्सेशन द्या" म्हणू नका. वर्षानुवर्षं त्यातच जातात.

निवृत्त_हिशोबनीस
१४ जानेवारी, सकाळी ७.५०

उत्तम लिहिलंत साहेब. लग्नाआधीच्या नामनिर्देशनाबद्दल एक पुस्ती. सरकारी जीपीएफच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२५ मध्ये हेच सांगितलं. संरक्षण लेखा विभागातला कर्मचारी, नॉमिनी आई, नंतर लग्न, फॉर्म बदलला नाही, २०२१ मध्ये मृत्यू. निकाल : आईच्या नावाचं नामनिर्देशन लग्नानंतर उरलं नाही, रक्कम पत्नी आणि आई दोघींत निम्मी-निम्मी.

सरकारी कर्मचाऱ्यांचे घरचे इथे वाचत असतील त्यांच्यासाठी थोडं. कुटुंब निवृत्तिवेतन हे मृताच्या मालमत्तेत येतच नाही. मृत्युपत्राने ते कोणाला देता येत नाही, १९९१ च्या व्हायोलेट आयझॅक निकालापासून हे पक्कं आहे, तो रेल्वेचा मामला होता. आपल्या राज्यात १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतला ११६ वा नियम. त्यात एकाहून अधिक विधवा असल्यास सारखे वाटे असं लिहिलंय, आणि त्या वाक्यावर कित्येक दुसऱ्या बायकांनी अर्ज केले. २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने मिटवलं : विधवा म्हणजे कायद्याने लग्न झालेली. शून्य लग्नातल्या बाईला कुटुंब निवृत्तिवेतन नाही. तिच्या मुलांना आहे, ते रामेश्वरी देवी प्रकरणात २००० मध्येच ठरलंय.

माझ्या टेबलावर यायची त्या प्रकरणांत बहुतेक वेळा सेवापुस्तकात एक नाव, रेशनकार्डात दुसरं, आणि बँकेच्या संयुक्त खात्यात तिसरंच. विदर्भ-मराठवाड्याची प्रकरणं मंजुरीला नागपूरच्या महालेखापाल कार्यालयात जातात. तिथे नावात तफावत दिसली की फाइल परत. मग कुटुंब म्हणतं साहेबाला पैसे पाहिजेत. काही वेळा खरंच फक्त आडनाव जुळवायचं असतं.

इंदोऱ्याचा
१४ जानेवारी, दुपारी १.१०

एक प्रश्न. आम्ही बौद्ध. बाबासाहेबांनी १९५६ ला दीक्षाभूमीवर धम्म दिला तेव्हापासून घरात हिंदू रिवाज नाहीत. माझ्या चुलतबहिणीच्या अशाच प्रकरणात समोरचा वकील हिंदू विवाह कायदा, हिंदू वारसा कायदा दाखवून राहिला. आम्हाला तो कसा लागू? आमचं लग्न तर भंतेजींनी लावलं.

काळाडगला
१४ जानेवारी, दुपारी २.३५

भाऊ, दोन्ही कायद्यांच्या कलम २ मध्येच बौद्ध, जैन, शीख यांना तो लागू असल्याचं स्पष्ट लिहिलंय. धर्म कोणता हा प्रश्न तिथे नाही. लग्नाचा विधी मात्र तुमच्या समाजाच्या रिवाजाप्रमाणे झाला तरी वैध. समोरच्याचं म्हणणं बरोबर आहे. भंतेजींचं प्रमाणपत्र, फोटो, पत्रिका सांभाळून ठेवा. लग्न सिद्ध करायची वेळ आली तर तेच कामी येतं, कारण आपल्याकडे नोंदणी कोणी करत नाही.

इंदोऱ्याचा
१४ जानेवारी, दुपारी २.५०

कायदा लागू होतो ते समजलं. नावाबद्दलचा राग आहे तो आहेच. जयभीम.

खदानवाला
१४ जानेवारी, रात्री ८.२५

मी खाणीच्या भागातला. इकडे हे घरोघरी आहे. गावात एक, क्वार्टरमधे एक. माणूस गेला की दोघी ऑफिसच्या गेटवर. तिकडे तर पैशापेक्षा भांडण नोकरीचं असते, कारण आश्रिताला नोकरी लागते. माझ्या काकाचं तसंच झालं. सर्व्हिस शीटमधे जिचं नाव तिने क्लेम टाकला, गावाकडचीने हरकत घेतली, अन् पोरगं पस्तिशीला आलं तरी नोकरी नाही. वकीलसाहेब, असं कुठे लिहिलंय का की दुसरीचं नाव असलं तर तिले काहीच भेटत नाही?

काळाडगला
१४ जानेवारी, रात्री १०.१०

उलट तुमच्याच क्षेत्रातला निकाल आहे. विद्याधरी विरुद्ध सुखराणाबाई, २००८. कोळसा खाणीतला कर्मचारी, नॉमिनी दुसरी बायको, तिला चार मुलं. सर्वोच्च न्यायालयाने सक्सेशन सर्टिफिकेट त्या दुसरीलाच दिलं, कारण ती नॉमिनी होती आणि मुलं तिच्याजवळ होती. पण पहिल्या बायकोचा पाचवा हिस्सा राखून ठेवला. दुसरीला स्वतःचा वाटा नाही, चार मुलांचे चार आणि पहिलीचा एक. हा निकाल प्रत्येक जण आपल्या सोयीने वाचतो, म्हणून सांगतो : सर्टिफिकेट मिळणं आणि पैसे आपले होणं या दोन गोष्टी आहेत.

नोकरीबद्दल. अनुकंपा नोकरी वारशाने मिळत नाही, ती योजनेप्रमाणे. पण मुलगा दुसऱ्या बायकोचा आहे एवढ्याच कारणावरून त्याला नाकारता येणार नाही, असं व्ही. आर. त्रिपाठी प्रकरणात २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय. तो रेल्वेचा मामला होता, तुमच्या इथला वेतन करार पाहावा लागेल.

मानेवाडेकर
१५ जानेवारी, सकाळी ९.३०

सगळं दोनदा वाचलं. आईला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "म्हणजे माझ्या नावाने टाकलं ते काहीच नाही का?" मी काय बोलणार.

मग कंपनीचं काय? त्यांनी वर्षभर पैसे दाबून ठेवले ते बरोबर की चूक?

काळाडगला
१५ जानेवारी, रात्री ९.१५

ग्रॅच्युइटीपुरतं सांगतो, चूक. कलम ७ प्रमाणे देय झाल्यापासून ३० दिवसांत द्यायची. पैसे कोणाचे यावर वाद असेल तर कलम ७(४) प्रमाणे मालकाने कबूल असलेली रक्कम नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे जमा करायची आणि मोकळं व्हायचं. आपल्याकडे खासगी कारखान्यांसाठी ते काम कामगार न्यायालयाचे न्यायाधीश पाहतात. तिथे आई, वहिनी, मुलं सगळ्यांचं ऐकून कोणाला किती ते ठरतं. उशिराचं व्याजही मागता येतं, १० टक्के सरळव्याज. दावेदार दोन झाले म्हणून रक्कम आपल्याच खात्यात ठेवायची मुभा कायद्यात नाही. मालकाला भीती वाटते की चुकीच्या माणसाला दिले तर दुसऱ्यांदा द्यावे लागतील. त्यासाठीच ही सोय आहे.

पीएफचे पैसे तर कंपनीकडे नाहीतच. ते तुकडोजी पुतळ्याजवळच्या भविष्य निधी कार्यालयाचे. कंपनीचं काम क्लेमवर सही-शिक्का देण्यापुरतं. फॉर्म २० पीएफला, १०-डी पेन्शनला, ५-आयएफ विम्याला. कंपनी सही देत नसेल तर राजपत्रित अधिकारी किंवा बँक मॅनेजरच्या साक्षांकनानेही क्लेम टाकता येतो. हां, वर्ध्याची हरकत पोहोचली की तेही कोर्टाचा आदेश मागतील. निदान क्लेमची तारीख तरी पडेल.

सक्सेशन फक्त रजेच्या आणि पगाराच्या रकमेपुरतं मागा. भारतीय उत्तराधिकार कायदा १९२५, कलम ३७२. भाऊ शेवटी नागपुरात राहत होता म्हणून कोर्ट नागपूरचं. सगळ्या वारसांना पक्षकार करा, वर्ध्याच्यांना लपवू नका. हे फार होतं. जाहीर नोटीस पेपरात येते, कोणीतरी वाचतोच, आणि मग लपवलं म्हणून कलम ३८३ खाली सर्टिफिकेट रद्द करायचा अर्ज येतो. कोर्ट फी रकमेवर पडते, म्हणूनही पीएफ त्यात घालून फुगवू नका.

पत्नी कोण यावर खरोखर वाद पेटलाच तर ती घोषणा कुटुंब न्यायालयातून घ्यावी लागेल. सक्सेशनच्या कोर्टात तेवढं खोल कोणी जात नाही. कलम ३७३ प्रमाणे किचकट प्रश्न असेल तर न्यायाधीश सकृद्दर्शनी ज्याची बाजू वरचढ त्याला सर्टिफिकेट देऊन मोकळे होतात.

वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा न्यायालयातच विधी सेवा प्राधिकरण आहे. बाईमाणसाला उत्पन्नाची अट नाही, मोफत वकील मिळतो. आईलाही मिळेल, दोन्ही वहिनींनाही.

एकटी_दुकटी
१५ जानेवारी, रात्री १०.००

शेवटचं वाक्य मला कोणी वेळेवर सांगितलं असतं तर बरं झालं असतं. मी एका खासगी वकिलाला मंगळसूत्र मोडून फी दिली.

संत्राबर्फी
१५ जानेवारी, रात्री १०.२०

अन् ते उसनवारीवाले? आमच्या शेजारी माणूस गेल्यावर तेराव्याच्या आधीच दोघं-तिघं चिठ्ठ्या घेऊन हजर. "पीएफ आलं की देजा" म्हणे.

निवृत्त_हिशोबनीस
१५ जानेवारी, रात्री १०.४५

त्यांना सांगा, पीएफ आणि ग्रॅच्युइटीवर जप्ती येत नाही. पीएफ कायद्याचं कलम १० आणि ग्रॅच्युइटी कायद्याचं कलम १३. कर्मचाऱ्यांच्या पतसंस्थेचं कर्ज असेल तर मात्र पगाराच्या थकबाकीतून कापलेलं निघू शकतं, ते विवरण मागून घ्या. चिठ्ठीवाल्यांचं खरं असेल तर ते मृताच्या बाकीच्या मालमत्तेतून मागू शकतात, वारसांच्या खिशातून नाही.

धागापालक
१६ जानेवारी, सकाळी ११.००

दोन प्रतिसाद काढले आहेत. कोणाच्याही कंपनीचं, अधिकाऱ्याचं किंवा नातेवाइकाचं नाव लिहू नका. दुसऱ्या बायकांबद्दलची सरसकट विधानंही नकोत.

मानेवाडेकर
२१ फेब्रुवारी २०२६, रात्री ८.३०

धागा वर काढतेय, थोडं पुढे सरकलंय म्हणून.

पीएफ, पेन्शन आणि विमा तिन्हीचे क्लेम टाकले. ग्रॅच्युइटीसाठी कंपनीला लेखी पत्र दिलं, त्यात कलम ७(४) लिहिलं. त्यानंतर त्यांचा सूर एकदम बदलला, "जमा करतो" म्हणाले. अजून केलेले नाहीत.

मी वर्ध्याला जाऊन आले. आधी फोन केला तर वहिनीने कट केला, मग मुलानेच उलट फोन केला. तो पॉलिटेक्निक करून एका वर्कशॉपमध्ये लागलाय. भावासारखाच उभा राहतो, एक खांदा वर करून. वहिनी फार बोलल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या की पेन्शन मी सोडणार नाही, बाकीचं बसून बोलू.

मागच्या रविवारी सगळे मानेवाड्याला बसलो. आई म्हणाली माझा वाटा मी नातीला देते. धाकटी वहिनी म्हणाली मला काही नको, मुलीचं शिक्षण व्हावं. मोठ्या वहिनीने एकरकमी मागितलं : पीएफ आणि विम्यातला आपला वाटा धरून साडेसहा लाख, आणि पेन्शन त्यांची. मुलगा ग्रॅच्युइटीतलं सोडायला तयार आहे. सगळ्यांना पटलं. आता मामा म्हणतात पाचशेच्या स्टॅम्पवर लिहून घेऊ, सह्या करू, नोटरी करू आणि कंपनीला देऊ. परवा बसायचं ठरलंय.

काळाडगला
२१ फेब्रुवारी, रात्री ९.०५

ताई, परवा सह्या करू नका.

मुलगी तेरा-चौदा वर्षांची आहे. अज्ञान, म्हणजे अल्पवयीन, व्यक्तीच्या वतीने कोर्टात चाललेल्या प्रकरणात तडजोड करायची तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३२, नियम ७ प्रमाणे कोर्टाची परवानगी लागते. तडजोड मुलीच्या हिताची आहे हे कोर्ट बघतं. परवानगीशिवाय केलेली तडजोड ती मोठी झाल्यावर मोडू शकते, आणि तोवर पैसे खर्च झालेले असतात. आईने वाटा सोडला तर आईचा, पण मुलीचा वाटा कमी-जास्त करणारं काहीही घरी बसून लिहू नका.

सक्सेशनचा अर्ज आधी दाखल करा, मग त्यातच तडजोडीचा मसुदा ठेवा आणि प्रकरण लोकअदालतीत घ्यायची विनंती करा. तिथला निवाडा हुकूमनाम्यासारखाच असतो, त्यावर अपील नाही. मुलीचा हिस्सा ती सज्ञान होईपर्यंत राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवायचा आदेश मागा. व्याज शिक्षणासाठी काढायची परवानगी त्याच वेळी मागून घ्या, नाहीतर दर वर्षी फीसाठी अर्ज करत बसाल.

आणि पेन्शन "त्यांची" असं तडजोडीत लिहिण्यात अर्थ नाही. ती कोणाच्या सोडण्याने किंवा ठेवण्याने ठरत नाही. विधवेची विधवेला मिळेल, मुलीची २५ टक्के मुलीला. मुलीच्या १०-डी अर्जावर पालक म्हणून धाकट्या वहिनीचं नाव टाकलं का?

मानेवाडेकर
२१ फेब्रुवारी, रात्री ९.२०

नाही. मुलीचा वेगळा अर्ज केलाच नाही, एकाच फॉर्मवर माझ्या आईचं नाव टाकलं सगळीकडे.

काळाडगला
२१ फेब्रुवारी, रात्री ९.२८

मग सोमवारी ते आधी करा. पेन्शनच्या फॉर्मवर आजीचं नाव चालणार नाही. मुलीचा जन्मदाखला लागेल, त्यात वडील म्हणून भावाचं नाव आहे ना ते पाहा. आधार, मुलीच्या नावाचं बँक खातं, फोटो. मुलाचा अर्ज मोठ्या वहिनींच्या क्लेमबरोबर जातो, त्यांना कळवा. तो पंचविशीच्या आत आहे.

मानेवाडेकर
२१ फेब्रुवारी, रात्री ९.४०

जन्मदाखल्यावर भावाचं नाव आहे. मामांना फोन करून परवाचं रद्द केलं, थोडे रागावले. मुलाला मेसेज टाकला, त्याने लगेच "ठीक आहे आत्या" लिहिलं.

बेसा_रोड
२२ फेब्रुवारी, सकाळी १०.१५

याच धाग्यात विचारतो. माझे सासरे महापालिकेतून निवृत्त झाले, मागच्या महिन्यात गेले. त्यांनी नॉमिनी म्हणून मोठ्या मेहुण्याचं नाव दिलंय आणि सासूबाई

धागापालक
२२ फेब्रुवारी, सकाळी १०.४०

बेसा_रोड, प्रतिसाद अर्धवट पडलाय. तसंही नवा धागा काढा, वकीलसाहेब तिथे येतीलच. हा ताईंच्या कोर्टाच्या तारखेसाठी उघडा ठेवतोय.